पुन्हा पहिल्यापासून?

पडद्यावर चित्रे, त्याखाली संवाद आणि मधूनमधून 'आता तू काय करशील?' असा प्रश्न. अशा रीतीने उलगडत जाणाऱ्या खेळाला 'व्हिज्युअल नॉव्हेल' म्हणतात. हा प्रकार जपानात वाढला. त्यातील एक लोकप्रिय शाखा म्हणजे 'इसेकाई', अर्थात 'वेगळे जग'. एखादा साधासुधा मुलगा अचानक जादूच्या जगात जाऊन पडतो आणि तेथे नव्याने आयुष्य सुरू करतो. ताप्पेई नागात्सुकी यांची 'री:झीरो' ही कथामालिका याच जातीची असून तिच्यावर २०१७ व २०२१ साली खेळही निघाले. तिचा नायक सुबारू मेला, की काळ मागे जातो आणि तो आधीच्या एका क्षणी पुन्हा जिवंत उभा राहतो. इतर सारे जण झाले-गेले विसरलेले असतात. आठवण उरते ती फक्त त्याला.

'हा निव्वळ वेळेचा अपव्यय आहे,' असे मोठी माणसे म्हणतात. अभ्यास सोडून रात्र-रात्र खेळत बसलात, तर तो अपव्यय आहेच. पण मुलांना हे खेळ इतके का आवडतात, याचे उत्तर त्या शेऱ्यात नाही. माझ्या मते त्यात एक भ्रम आहे आणि एक मोलाची गोष्ट आहे. दोन्ही वेगवेगळी ओळखता आली पाहिजेत.

आधी भ्रम पाहू. 'ती परीक्षा पुन्हा देता आली असती तर!' असे कोणाला वाटत नाही? खेळात ते सहज जमते. आपण खेळ जेथे 'सेव्ह' करतो, तेथील प्रत्येक आकडा संगणक जसाच्या तसा जपून ठेवतो. म्हणून परतल्यावर तेच दार, तोच पहारेकरी, तेच वाक्य. खऱ्या जगात असे होईल का?

याचे उत्तर एका हवामानशास्त्रज्ञाला नकळत मिळाले. १९६१ साली अमेरिकेत एडवर्ड लोरेन्झ हे हवामानाची समीकरणे संगणकाकडून सोडवून घेत होते. एक गणित त्यांना मधूनच पुन्हा सुरू करायचे होते. तुमच्या भाषेत, जुना 'सेव्ह' उघडायचा होता. संगणकाच्या पोटात आकडा होता ०.५०६१२७, पण छापील कागदावर तीनच दशांशस्थळे होती. लोरेन्झ यांनी ०.५०६ भरला आणि ते कॉफी प्यायला गेले. परत येऊन पाहतात, तो हवामान सर्वस्वी निराळे! आधी त्यांना यंत्रच बिघडले असे वाटले. पण यंत्र ठीक होते. फरक होता सुमारे चार हजारांत एक भाग, आणि तो साधारण दर चार दिवसांनी दुप्पट होत गेला होता. तुम्हीच हिशेब करा. बारा वेळा दुप्पट केले, की ४०९६ पट होते. बारा चोक अठ्ठेचाळीस. म्हणजे दुसऱ्या महिन्यातच जुन्या हवामानाशी असलेले साम्य संपले.

यातून काय निघते? कोणतेही मोजमाप अनंत दशांशस्थळांपर्यंत करता येत नाही. तेव्हा 'तोच क्षण' हुबेहूब पुन्हा उभा करणे आपल्या हाती नाही. पुरवणी परीक्षा देता येते, पण प्रश्नपत्रिका तीच येत नाही.

आता मोलाची गोष्ट. सुबारू मागे जातो तेव्हा त्याच्याबरोबर काय जाते? पैसा नाही, हत्यार नाही. जाते ती केवळ 'मागच्या खेपेस काय चुकले' याची आठवण. तेवढ्या शिदोरीवर तो पुढची वाट काढतो. प्रयोगशाळेची रीत याहून वेगळी नाही. समजा, १ मीटर लांबीच्या लंबकाची २० आंदोलने मोजताना तुम्ही गोळा सोडतानाच 'एक' म्हटले. प्रत्यक्षात १९ आंदोलनेच झाली. ४० सेकंदांऐवजी ३८ सेकंद मिळाले आणि गुरुत्वत्वरण ९.८ च्या जवळ येण्याऐवजी १०.९ आले. बहुतेक विद्यार्थी येथे काय करतात? रबर घेतात आणि शेजाऱ्याच्या वहीतला आकडा उतरवतात! सुबारूने आपली आठवण स्वतःच पुसून टाकावी, तसेच हे झाले. मग पुढच्या खेपेला तो त्याच खड्ड्यात पडणार.

मुलांना वेगळ्या जगाची ओढ लागते, ती केवळ तेथील जादूमुळे नव्हे. तेथे चुकले तर कोणी हसत नाही आणि दुसरी संधी हमखास मिळते. वर्गात या दोन गोष्टी मिळाल्या, तर ती ओढ पुष्कळ कमी होईल, असे मला वाटते.

म्हणून शिक्षकबंधू-भगिनींना एक विनंती. चुकीचे वाचन खोडू देऊ नका. त्यावर एक रेघ मारून, ते का चुकले हे शेजारी लिहायला सांगा, प्रयोग पुन्हा करू द्या आणि त्या ओळीलाही गुण द्या.

आणि विद्यार्थी मित्रहो, तुम्ही एक करा. आवडत्या खेळातील वाटांचा नकाशा कागदावर काढा. दोन-दोन पर्यायांचे २० प्रश्न असतील, तर १०,४८,५७६ वाटा व्हायला हव्यात. एवढ्या गोष्टी कोण लिहिणार? म्हणून लेखक बहुतेक वाटा पुढे गुपचूप एकत्र आणतो. त्या नेमक्या कोठे मिळतात, ते शोधून काढा. मग सांगा, जास्त वाटा कोणत्या जगात आहेत; त्या की या?