नमुना नको, नंबर सांगा

गाडीचा एखादा भाग बिघडला, की तो काढायचा, वर्तमानपत्रात गुंडाळायचा आणि बाजारात जाऊन म्हणायचे, ‘असाच एक द्या.’ आमच्या घरात वडिलांपासून हीच रीत. पुण्याच्या नाना पेठेत अशी तेलकट पुडकी घेऊन उभी असलेली माणसे आजही दिसतील. दुकानदार तो भाग हातात फिरवून पाहतो आणि फळीवरचा नेमका खोका काढतो. त्या नजरेचे मला कौतुक होते, अजूनही आहे. पण तिच्या भरवशावर ब्रेक सोडायला आता मी तयार नाही.

त्याचे झाले असे. आमची मोटार दुसऱ्याकडून घेतलेली, जुनी. पुढच्या चाकांचे ब्रेक पॅड वर्षात दोनदा झिजले. दोन्ही वेळा मी नमुना नेला आणि हुबेहूब तसेच पॅड आणले. पुढे खंबाटकीचा घाट उतरताना चाकातून करकर आवाज येऊ लागला. मागे आई बसली होती. ती काही बोलली नाही. पुढच्या सीटची कड तिने घट्ट धरली. आरशात मला ते दिसले.

गॅरेजमधल्या तरुण मिस्त्रीने पॅड बाजूला ठेवले. ‘काका, आर. सी. बुक द्या,’ म्हणाला. त्यातला चेसिस नंबर त्याने संगणकावरच्या कॅटलॉगमध्ये घातला. पडद्यावर चाकाचे चित्र आले. एकेक भाग सुटा मांडलेला आणि प्रत्येकाला क्रमांक. उलगडा झाला. कंपनीने मध्येच त्याच मॉडेलचे ब्रेक बदलले होते. आधीच्या मालकाने भलतेच पॅड बसवले आणि मी तो चुकीचा नमुना इमानेइतबारे बाजारात फिरवत राहिलो!

हा नंबर १७ अक्षर-अंकांचा असतो. पहिल्या तिघांवरून निर्माता कळतो. एक आणि शून्याशी घोटाळा नको, म्हणून त्यात ‘आय’, ‘ओ’ आणि ‘क्यू’ ही अक्षरेच नसतात. जुना भाग बंद होऊन त्याची जागा कोणत्या नव्या क्रमांकाने घेतली, हेही कॅटलॉग सांगतो.

अर्थात कॅटलॉग म्हणजे देव नव्हे. गाडीत मागाहून केलेले फेरफार त्याला ठाऊक नसतात. खोक्यावर बरोबर क्रमांक छापून आत नकली माल भरणारेही आहेत. पडद्यावरचा भाग चाकात नीट बसवायला शेवटी मिस्त्रीचाच हात लागतो. पण अंदाज आणि खात्री यांत फरक आहे. औषध घेताना आपण ‘तसलीच लाल गोळी द्या’ म्हणत नाही, नाव वाचतो. मग ब्रेकच्या बाबतीत एवढी उदारता कशासाठी?

माझे मागणे साधे आहे. प्रत्येक बिलावर भागाचा क्रमांक लिहिलेला असावा आणि तो आपण मागून घ्यावा. त्यात दुकानदाराचा अपमान नाही. चूक झालीच, तर ती शोधायला त्यालाही वाट राहते.

परवा पुन्हा तोच घाट उतरलो. आई मागे झोपली होती.