समुद्राआधी कागद वाचा

कळंबोलीच्या रस्त्यांवरून न्हावा-शेवाकडे जाणारे कंटेनरचे ट्रेलर आपण रोज पाहतो. हे बंदर 1989 साली सुरू झाले. पण आपल्या समाजाचे समुद्राशी असलेले नाते त्याहून फार जुने आहे. रत्नागिरी आणि रायगडच्या खाड्यांवरच्या मुस्लिम मोहल्ल्यांत पणजोबा, आजोबा, चाचा किंवा मामू जहाजावर गेले नाहीत, असे घर विरळा. सारंग, तांडेल ही आडनावे त्याच कामातून आली. आज कळंबोली-पनवेलच्या फ्लॅटमधली मुलेही मर्चंट नेव्हीचा विचार करतात. म्हणून वाचक बंधू-भगिनींनो, या वेळी त्या जुन्या नोकरीकडे जरा नीट पाहू.

ब्रिटिश व्यापारी जहाजे शिडावर चालत, त्या काळी मुंबईहून लंडन गाठायला केप ऑफ गुड होपला वळसा घालून चार-पाच महिने लागत. जहाजावर दिवसाचे चार-चार तासांचे भाग पाडलेले असत आणि दर अर्ध्या तासाला घंटा वाजे. खलाशांच्या दोन टोळ्या आळीपाळीने कामावर येत, त्यामुळे सलग चार तास झोप कुणालाच मिळत नसे. वादळ आले की झोपलेल्यांनाही उठवले जाई. संध्याकाळचे चार तास मात्र दोन-दोन तासांचे केलेले असत, म्हणजे रोज त्याच टोळीच्या वाट्याला मध्यरात्रीची पाळी येऊ नये.

कामाला अंत नसे. वारा वाढला की डोलकाठीवर चढायचे, पायाखालच्या एका दोरावर उभे राहून ओले, जड शीड आवळून बांधायचे. खाली उतरल्यावर पंपाने पाणी उपसायचे, डेक दगडाने घासायचा, दोरांना डांबर लावायचे, फाटलेली शिडे शिवायची. लंडनजवळ ग्रीनविचला 1869 साली बांधलेले ‘कटी सार्क’ हे व्यापारी जहाज आजही जपून ठेवले आहे. त्याची मुख्य डोलकाठी डेकपासून सुमारे 46 मीटर उंच आहे आणि दोरखंडांची लांबी सुमारे 18 किलोमीटर भरते. एवढा पसारा तीसेक माणसे सांभाळत.

अशा जहाजांवर हिंदुस्थानातून घेतलेल्या खलाशांना इंग्रज ‘लास्कर’ म्हणत. हा आपला ‘लष्कर’ शब्दच. टोळीचा प्रमुख सारंग, त्याच्या हाताखाली तांडेल, सुकाणू धरणारा सुकाणी, स्वयंपाक करणारा भंडारी. भंडारी आपलाच असल्याने भात, डाळ, सुकी मासळी असे घरचे जेवण मिळे आणि हलालची चिंता मिटे. या खलाशांचे शब्द समजल्याशिवाय जहाज चालत नसे. म्हणून थॉमस रोबक या अधिकाऱ्याने 1811 साली कलकत्त्यात इंग्रजी-हिंदुस्थानी नाविक शब्दांचा कोशच छापला. हुकूम साहेबाचा असला तरी जहाजावरची बोली आपल्या माणसांची होती.

मग नुकसान कुठे झाले? ते कागदावर झाले. 1823 च्या ब्रिटिश कायद्याने ठरवले की लास्कर हा ब्रिटिश खलाशी धरायचा नाही. त्याचा करारही वेगळा असे. त्याच समुद्रावर, त्याच दोरावर उभे राहूनही त्याला गोऱ्या खलाशाच्या पगाराचा तिसरा-पाचवा हिस्सा मिळे. भरती सारंगामार्फत होई. गावच्या पोरांना जहाजावर जागा तोच देई, आगाऊ रक्कमही त्याच्याच हातून येई आणि पगारातला वाटाही पुष्कळदा त्याच्याकडे जाई. करार इंग्रजीत असे आणि खाली अंगठा उठे. लंडनला पोहोचल्यावर परतीचे जहाज न मिळालेले खलाशी थंडीत रस्त्यावर राहत. त्यांच्यासाठी 1857 साली लंडनच्या वेस्ट इंडिया डॉक रोडवर खास निवारागृह उघडावे लागले, यावरूनच संख्येची कल्पना यावी.

पुढे सुएझ कालवा खुला झाला आणि आगबोटींनी शिडांची जागा घेतली. पी अँड ओ कंपनीच्या डेकवर कोकणी मुसलमान खलाशी नावाजले गेले, पण वेगळा करार आणि कमी पगार सुटला नाही.

आज कायदा खलाशाच्या बाजूने आहे. सागरी कामगार करार भारताने 2015 साली स्वीकारला. त्यानुसार 24 तासांत किमान 10 तास विश्रांती, दरमहा पगार, पगारातला भाग घरी पाठवण्याची सोय आणि मालकाच्या खर्चाने घरी परत येणे हे हक्क आहेत. नोकरी लावून देण्याबद्दल खलाशाकडून पैसे घेता येत नाहीत. तरीही ‘जहाजावर लावतो, इतके लाख द्या’ म्हणणारा माणूस घरी येतो आणि अम्मीचे दागिने गहाण पडतात. जुन्या सारंगाने निदान टोळीबरोबर समुद्र पार केला होता. हा तर मोबाइल बंद करून मोकळा होतो.

म्हणून मुलगा निघण्याआधी घरातल्यांनी चार गोष्टी विचाराव्यात. एजंटकडे जहाजरानी महासंचालनालयाचा परवाना आहे का? त्याचे नाव महासंचालनालयाच्या यादीत स्वतः पाहिले का? जहाजाचे आणि कंपनीचे नाव, पगार, मुदत करारात लिहिली आहे का? सही केलेल्या कराराची एक प्रत घरी आहे का? एकाचे उत्तर ‘नाही’ आले, तर थांबावे. ‘चाचांच्या ओळखीचा आहे’ हे उत्तर परवान्याच्या जागी चालत नाही. देण्याघेण्याचे व्यवहार लिहून ठेवण्याची ताकीद सूरह अल-बकरामध्ये आहेच. ती दुकानदारांइतकीच खलाशालाही लागू आहे.

आपल्या पूर्वजांकडे हिंमत होती, हुनर होते. करार वाचण्याची सोय नव्हती. आपल्या मुलांकडे ती आहे. घरातल्या शिकलेल्या बहिणीने, भाभीने भावाचा करार एकदा मोठ्याने वाचून दाखवावा. मग दुआ द्यावी आणि निरोप द्यावा.