खेळ पुसताना काय पुसले जाते?

गेल्या डिसेंबरात, आपल्याकडे लिचीची झाडे लाल होतात त्या दिवसांत, आम्ही सपत्नीक जर्मनीला गेलो होतो. आमच्या थोरल्या बहिणीचा मुलगा तेथे संगणकाच्या नोकरीत आहे. त्याचे बिऱ्हाड उंटरश्लाइसहाइम या गावी. नाव नीट उच्चारायलाच आम्हाला दोन दिवस लागले. म्युनिक शहराच्या उत्तरेस, विमानतळाकडे जाणाऱ्या एस-१ या लोकलच्या मार्गावर हे सुमारे तीस हजार वस्तीचे टुमदार गाव आहे. मायक्रोसॉफ्ट कंपनीचे जर्मनीतील मुख्य कार्यालय २०१६ पर्यंत येथेच होते. पुढे ते म्युनिक शहरात गेले. कार्यालय होते त्या रस्त्याला कोनराड झुझे याचे नाव आहे. या जर्मन अभियंत्याने १९४१ मध्ये बर्लिनला झेड-३ नावाचा गणकयंत्राचा आद्य नमुना बांधला होता. अशा संगणकाच्या गावी जाऊन आम्ही संगणकावरच एक चूक करून बसलो. आमच्या वाचकांपैकी कोणाच्या हातून ती होऊ नये, म्हणून हा लेखनप्रपंच.

भाच्याचा मुलगा बारा वर्षांचा. एके दिवशी भाचा कामावर गेला होता, भाचेसून बाजारात गेली होती आणि पोर शाळेत. त्याच्या लॅपटॉपवर 'जागा उरली नाही' अशी सूचना आल्याचे तो आदल्या रात्री सांगत होता. आम्हाला वाटले, पाहुणे म्हणून नुसते बसून खाण्यापेक्षा एवढे काम उरकून टाकावे. आजकाल संगणकावरचे खेळ ठेवण्यासाठी 'लाँचर' म्हणून एक कार्यक्रम असतो. त्यात विकत घेतलेल्या सर्व खेळांची यादी असते आणि तिला ते 'लायब्ररी' म्हणतात. आम्ही ते उघडले. सगळी अक्षरे जर्मन. आपल्याला फ्रेंच येते, इंग्रजी येते, क्रिओल तर येतेच, पण जर्मनशी आमचा कधी संबंध आला नव्हता. तरीही 'डिइन्स्टालिरेन' हा शब्द ओळखू आला. सर्वांत मोठा खेळ शोधला आणि बटण दाबले. त्याने काहीतरी विचारले. आम्ही 'होय' म्हणालो. एवढ्यावर न थांबता, त्याच खेळाच्या नावाचे एक फोल्डर 'डॉक्युमेंट्स'मध्ये उरलेले दिसले, तो केरकचरा समजून आम्ही तेही कचऱ्याच्या टोपलीत टाकले.

तो खेळ शेतीचा होता. दुपारी मुलगा घरी आला, लॅपटॉप उघडला आणि काही न बोलता आपल्या खोलीत जाऊन बसला. भाचेसुनेने सांगितले तेव्हा आमच्या पायांखालची जमीन सरकली. आमचे मेहुणे, म्हणजे या मुलाचे आजोबा, दोन वर्षांपूर्वी वारले. उभे आयुष्य त्यांनी आपल्या बेटावर उसाच्या मळ्यात काढले. वारण्याआधीच्या उन्हाळ्यात ते तीन महिने येथे राहिले होते. नातवाला मराठी बेताची, आजोबांना जर्मन मुळीच नाही. पण या खेळात ऊस लावता येतो हे कळल्यावर म्हातारा खुर्ची ओढून नातवाशेजारी बसला. सरी कशी पाडतात, एकदा तोडलेला ऊस पुन्हा कसा फुटतो, हे त्यांनी त्याला त्या पडद्यावर दाखवले. 'सरी' आणि 'खोडवा' हे दोन मराठी शब्द त्या पोराला ठाऊक आहेत ते शाळेतून नव्हे, घरातूनही नव्हे, तर आजोबांबरोबर केलेल्या त्या शेतातून. ते शेत आम्ही पुसले होते.

संध्याकाळी भाचा आला. त्याने आम्हाला एका शब्दानेही बोल लावला नाही. आधी त्याने कचऱ्याची टोपली उघडली. सुदैवाने ती आम्ही रिकामी केली नव्हती. फोल्डर तेथे होते. ते त्याने पूर्ववत जागी ठेवले, लाँचरमधून खेळ पुन्हा उतरवून घ्यायला लावला, आणि रात्री दहाच्या सुमारास आजोबांचा ऊस पडद्यावर जसाच्या तसा उभा राहिला. मुलगा हसला. आम्ही मात्र त्या रात्री भाच्याला समोर बसवून हे सारे प्रकरण मुळापासून समजून घेतले.

समजले ते असे. आपण ज्याला एक खेळ म्हणतो त्या तीन वेगळ्या वस्तू असतात. पहिली वस्तू म्हणजे खेळाचा सांगाडा, जो संगणकाच्या डिस्कवर बसतो. हाच जागा खातो. मायक्रोसॉफ्टचा विमान चालवण्याचा खेळ ऑगस्ट २०२० मध्ये आला, तेव्हा युरोपात त्याची डब्यातील आवृत्ती तब्बल १० डीव्हीडींवर मिळत होती. सुमारे ९० गिगाबाइटांचा ऐवज. आपल्या तरुणपणीच्या फ्लॉपी आठवून पाहा, तसल्या साठ हजारांहून अधिक लागल्या असत्या. दुसरी वस्तू म्हणजे तो खेळ खेळण्याची परवानगी. ती संगणकात नसते. कंपनीकडे आपल्या नावाचे जे खाते असते त्यात ती नोंदलेली असते. तिसरी वस्तू म्हणजे आपण खेळून जे मिळवले किंवा उभे केले त्याची नोंद, जिला मुले 'सेव्ह' म्हणतात. ती आकाराने अगदी लहान असते, पण दुकानात विकत मिळत नाही.

लाँचरमधून खेळ 'अनइन्स्टॉल' केला की पहिली वस्तू जाते. दुसरी राहते. म्हणूनच यादीत खेळाचे नाव फिकट होऊन तसेच उभे असते, आणि मनात येईल तेव्हा पैसे न देता तो पुन्हा उतरवता येतो. आपण गणपतीचे विसर्जन करतो ते तो पुढच्या वर्षी येणार या विश्वासानेच, तसेच हे. खेळ खात्यातूनच कायमचा काढून टाकणे हे वेगळे प्रकरण आहे. स्टीमवर त्यासाठी मदत विभागात जावे लागते, साध्या बटणाने ते होत नाही. तेव्हा जागा हवी असेल तर खेळ काढायला मुळीच भिऊ नये.

भ्यायचे ते तिसऱ्या वस्तूसाठी. काही खेळांच्या नोंदी कंपनीच्या 'क्लाउड'वर आपोआप जातात, काहींच्या जात नाहीत. काही नोंदी 'डॉक्युमेंट्स'मध्ये असतात, काही दुसऱ्याच कोपऱ्यात दडलेल्या, तर काही जुन्या खेळांच्या थेट खेळाच्या फोल्डरातच असतात आणि सांगाड्याबरोबर जाऊ शकतात. म्हणून काढण्याआधी दोन मिनिटे घालवून ती नोंद एखाद्या पेन ड्राइव्हवर उतरवून घ्यावी. दुसरे, खेळ लाँचरमधूनच काढावा; स्टीमवर खेळाच्या नावावर उजवी टिचकी मारून 'मॅनेज' आणि मग 'अनइन्स्टॉल' असा मार्ग आहे. फोल्डर हाताने पुसले तर लाँचर तो खेळ अजून आहे असेच धरून चालतो आणि गोंधळ होतो. तिसरे, खुद्द स्टीमच संगणकातून काढले तर त्याच्या फोल्डरात बसवलेले सगळे खेळही त्याबरोबर जातात. आणि दुसरी डिस्क असेल तर खेळ पुसण्याऐवजी तिकडे हलवताही येतो.

आता दुसऱ्या वस्तूविषयी, म्हणजे परवानगीविषयी, थोडे स्पष्ट बोलणे भाग आहे. 'लायब्ररी' हा शब्द ऐकून आपल्याला वाटते की ही आपली पुस्तकांची फळी आहे. तशी ती नाही. घरातल्या फळीवरचे पुस्तक आपण शेजाऱ्याला देऊ शकतो, विकू शकतो, मुलांच्या नावे ठेवू शकतो. येथे यांतले काहीच चालत नाही. म्युनिकच्याच युझ्डसॉफ्ट नावाच्या कंपनीने वापरलेल्या संगणक-परवान्यांची फेरविक्री सुरू केली, तेव्हा ओरॅकल कंपनीने तिला न्यायालयात खेचले. लक्झेंबर्गच्या युरोपीय न्यायालयाने ३ जुलै २०१२ रोजी निकाल दिला की कायमचा विकलेला परवाना पुढे विकता येतो. मात्र विकणाऱ्याने आपल्या संगणकावरील प्रत निरुपयोगी केली पाहिजे. म्हणजे तेथे पुसणे ही मालकाच्या हक्काची अट ठरली. खेळांच्या बाबतीत मात्र ग्राहकाला हे सुख लाभले नाही. त्याआधीच, फेब्रुवारी २०१० मध्ये, जर्मनीच्या सर्वोच्च दिवाणी न्यायालयाने 'हाफ-लाइफ २' या खेळाच्या प्रकरणात खाते दुसऱ्याला न देण्याची कंपनीची अट मान्य केली होती. पॅरिसच्या एका न्यायालयाने २०१९ मध्ये ग्राहकाच्या बाजूने कौल दिला. तो तेथील अपील न्यायालयाने २०२२ मध्ये फिरवला.

यातून काय होते पाहा. फ्रान्सच्या युबिसॉफ्ट कंपनीने 'द क्रू' हा मोटारी पळवण्याचा खेळ २०१४ मध्ये विकायला काढला. ३१ मार्च २०२४ रोजी तिने त्याचे सर्व्हर बंद केले आणि पैसे मोजून घेतलेला खेळ, एकट्याने खेळण्याच्या भागासकट, निरुपयोगी झाला. ग्राहकाने काही पुसले नव्हते. पुसले ते दुकानदाराने. मायक्रोसॉफ्टनेही जुलै २०१९ मध्ये आपले पुस्तकांचे दुकान बंद करून विकलेली ई-पुस्तके वाचकांच्या हातून काढून घेतली होती. पैसे परत दिले, हे येथे नमूद केले पाहिजे. या प्रकारांविरुद्ध युरोपात मोहीम उभी राहिली आणि २०२५ मध्ये तिच्या निवेदनावर दहा लाखांहून अधिक सह्या झाल्या. कॅलिफोर्नियात २०२५ च्या आरंभापासून असा कायदा लागू आहे की, विकत आहोत तो केवळ परवाना आहे हे दुकानदाराने गिऱ्हाइकाला स्पष्ट सांगावे. एवढे तरी सर्व देशांत व्हावे, आपल्या बेटावरही व्हावे, असे आमचे मत आहे. जीओजीसारखे दुकान खेळाची बसवायची फाईलच गिऱ्हाइकाला स्वतःजवळ ठेवू देते. म्हणजे ही गोष्ट अशक्य नाही.

याच संदर्भात आपल्या घराघरांतील एका प्रथेबद्दल लिहावेसे वाटते. परीक्षा जवळ आली की आपल्यातले पुष्कळ आईबाप मुलगा झोपलेला पाहून त्याचे खेळ संगणकातून काढून टाकतात. हेतू चांगलाच असतो. पण वर सांगितल्याप्रमाणे परवानगी खात्यात राहतेच. मुलगा दुसऱ्या दिवशी एका टिचकीने खेळ पुन्हा उतरवतो आणि वर आईबापांना काही कळत नाही असे मनाशी ठरवतो. जाऊ शकते ती त्याची नोंद, आणि जातो तो आपल्यावरचा विश्वास. अभ्यास करून घ्यायचा असेल तर मुलाला समोर बसवावे आणि कोणते खेळ परीक्षेपर्यंत काढायचे हे त्याच्याकडूनच ठरवून घ्यावे. काढण्याचे बटणही त्यालाच दाबू द्यावे. स्वतः ठेवलेला नेम मूल जितका पाळते तितका दुसऱ्याने लादलेला पाळत नाही, हा आम्हा म्हाताऱ्यांचाही अनुभव आहे.

आणि आमच्या वयाच्या मंडळींना एक विनंती. मुलांच्या संगणकावर जे असते ते सगळे वेळेचा अपव्यय आहे असे आपण धरून चालतो. आम्हीही धरले होते. पणजोबांची जमिनीची कागदपत्रे ट्रंकेच्या तळाशी जपून ठेवणारे आपण लोक. कोणाचा कागद महत्त्वाचा आणि कोणाची रद्दी, हे त्या कागदाच्या धन्याला विचारल्याशिवाय आपण कधी ठरवत नाही. तोच नियम येथेही लावावा.

उंटरश्लाइसहाइमहून निघण्याच्या आदल्या संध्याकाळी त्या मुलाने आम्हाला शेजारी बसवले. आजोबांच्या शेताची नोंद त्याने एका पेन ड्राइव्हवर घेतली होती. तो त्याने आमच्या हाती दिला. "आजीला द्या," असे त्याने मराठीत सांगितले. आमच्या बहिणीकडे तो पोहोचला आहे. तिच्या घरी तो उघडण्यासारखा संगणक नाही, पण येत्या सुट्टीत नातू येणार आहे. तोवर तो देवघराच्या खणात, मेहुण्यांच्या चष्म्याजवळ ठेवलेला आहे.