डोंबिवली फास्ट, पण जरा लेट!

अ‍ॅलन रिकमन आठवतोय ना? हॅरी पॉटरमधला स्नेप! हा माणूस आधी ग्राफिक डिझायनर होता. मित्रांबरोबरचा स्टुडिओ सोडून पंचविशीनंतर तो लंडनच्या ‘राडा’त अभिनय शिकायला गेला. पहिला मोठा सिनेमा ‘डाय हार्ड’ मिळाला १९८८मध्ये. तेव्हा चाळिशी उलटलेली! अप्रेझल हुकलं की ‘आपलं वय गेलं’ म्हणणाऱ्यांनी हे जरा लिहून ठेवा.

पण लंडन कशाला? आपल्या डोंबिवलीतच बघा ना. भालचंद्र कदम, म्हणजे आपले भाऊ! बालपण वडाळ्यातलं. वडील गेल्यावर घर चालवायला त्यांनी डोंबिवलीत चक्क पानाची टपरी टाकली. एकीकडे नाटकं चालूच. पुढे ‘फू बाई फू’ने चेहरा ओळखीचा केला आणि २०१४मध्ये ‘चला हवा येऊ द्या’ने तो घराघरात नेला. त्याच वर्षी रवी जाधवांच्या ‘टाइमपास’मध्ये ते दगडूचे बाबा झाले.

गंमत म्हणजे विनोदी नट म्हटलं की जी आरडाओरड आपण गृहीत धरतो, ती भाऊंकडे नाहीच. समोरचा बडबडतोय, भाऊ नुसते बघताहेत... आणि मग हळूच एक वाक्य. खल्लास! स्वभावाने लाजरा माणूस. तो लाजरेपणा त्यांनी लपवला नाही, सरळ कामाला लावला.

पण लोकप्रियतेची किंमतही असते बॉस. स्किटमध्ये साडी नेसून आले की हमखास हशा, त्यामुळे आपण त्यांच्याकडे तेवढंच मागत राहिलो. जानेवारी २०१९मध्ये ‘नशीबवान’ आला. भिंतीआड दडवलेलं घबाड अचानक हाती लागलेला सफाई कामगार त्यात भाऊंनी केलाय. हाव, भीती, बायकोपासूनची लपवाछपवी, सगळं त्या चेहऱ्यावर दिसतं. माझ्या मते त्यांचं सिनेमातलं सर्वात सही काम! पण ऑफिसात विचारा, किती जणांनी पाहिलाय? ‘पांडू’ मात्र सगळ्यांना माहितीय. २०२१चा, ठाण्याच्या विजू मानेंचा, धमाल.

‘चला हवा येऊ द्या’चं ते पहिलं पर्व मार्च २०२४मध्ये संपलं. भाऊंचं नाटक मात्र सुटलेलं नाही. तेव्हा पुढच्या वेळी जाहिरातीत त्यांचं नाव दिसलं तर तिकीट काढाच. आणि त्याआधी एखाद्या रविवारी ‘नशीबवान’ शोधून बघा. सोबत पॉपकॉर्न नको, चहा चालेल.