दार अडविणारांना अभय

पुण्याच्या शनिवार पेठेत आणि तिला लागून असलेल्या पेठांत हजारो माणसांचे पोट खाणावळींवर आणि डब्यांवर चालते. मराठवाडा, विदर्भ, खानदेशातून स्पर्धा परीक्षांसाठी आलेले तरुण, दुकानांतून राबणारे नोकर, वाड्यांतल्या खोल्यांतून एकटे राहणारे वृद्ध, हे सारे महिन्याचे पैसे आगाऊ मोजतात आणि पुढ्यात येईल ते खातात. तेल कितव्यांदा तापले, पनीर कोठून आले, पाणी कोणत्या टाकीतले, हे त्यांना कळण्याचा मार्ग नाही. स्वयंपाकघराचा उंबरठा त्यांच्या वतीने ओलांडण्याचा अधिकार समाजाने अन्न सुरक्षा अधिकाऱ्याला दिला आहे. म्हणून त्या अधिकाऱ्याला दारात अडविणारा मालक पंगतीतल्या प्रत्येकाचा अपराधी ठरतो. एका सरकारी नोकराशी झालेली हुज्जत एवढेच त्याचे स्वरूप मानणे ही शुद्ध फसवणूक आहे.

जुन्या कायद्याला हे कळले होते. १९५४ च्या अन्न भेसळ प्रतिबंधक कायद्याने भेसळीचा माल विकणारा आणि अन्न निरीक्षकाला नमुना घेऊ न देणारा या दोघांना सोळाव्या कलमात शेजारी शेजारी उभे केले होते. १९७६ च्या दुरुस्तीनंतर दोघांनाही किमान सहा महिने व कमाल तीन वर्षे कैद आणि किमान एक हजार रुपये दंड होता. त्यामागील तर्क सरळ होता. नमुना हाच पुरावा असतो. तो हाती लागू न देणारा पुरावा बुडवितो, आणि पुरावा बुडविणाराला मूळ गुन्हेगाराहून सवलत देण्याचे कारण नसते.

२०११ च्या ऑगस्टपासून त्या कायद्याची जागा २००६ च्या अन्न सुरक्षा व मानके कायद्याने घेतली आणि हा तर्कच निकालात निघाला. नव्या कायद्याच्या ६२ व्या कलमाने अधिकाऱ्याला अडथळा करणे, धमकावणे, त्याच्यावर हात टाकणे या सर्वांसाठी मिळून जास्तीत जास्त तीन महिने कैद आणि एक लाख रुपये दंड ठरविला. किमान शिक्षा ठेवलीच नाही. आता त्याच कायद्यातील इतर आकडे पाहावेत. निकृष्ट दर्जाच्या मालाला पाच लाखांपर्यंत दंड. असुरक्षित अन्नाने गंभीर इजा झाल्यास सहा वर्षांपर्यंत कैद. मृत्यू ओढवल्यास किमान सात वर्षे, कमाल जन्मठेप आणि किमान दहा लाख दंड. ज्याच्या कोठारात घातक माल आहे त्याने हा हिशेब मांडला तर त्याला कोणता सल्ला मिळतो? नमुना देऊ नकोस, दार लाव, माल मागच्या बोळातून हलव; फार तर तीन महिने! गुन्हा लपविणे गुन्हा करण्यापेक्षा स्वस्त करून ठेवणारा कायदा गुन्हेगाराचा वकील होतो.

यावर व्यापाऱ्यांचे कैवारी ‘इन्स्पेक्टर राज’चा बागुलबुवा पुढे करतील. लाचखोर अधिकारी आहेत, हे कोण नाकारतो? परंतु त्यावरचे उपायही कायद्यात आहेत. नमुन्याचे चार भाग करावे लागतात आणि मालकाने मागणी केल्यास एक भाग मान्यताप्राप्त प्रयोगशाळेकडे पाठवावा लागतो. नमुन्याची किंमत मोजावी लागते. विनाकारण जाच करणाऱ्या अधिकाऱ्याला ३९ व्या कलमाखाली एक लाखापर्यंत दंड होऊ शकतो. प्रामाणिक मालकाला एवढे संरक्षण असताना कडी लावण्याचे प्रयोजन काय?

खरा प्रश्न शिक्षा कोणाच्या माथी बसते हा आहे. दारात उभा असतो तो आठ-दहा हजारांवर राबणारा पोऱ्या. ‘मालक गावाला गेलेत’ हे पढविलेले वाक्य तो बोलतो, कारण न बोलला तर संध्याकाळी त्याची नोकरी जाते. अनेक शाखांच्या कंपनीत तर कंपनीने नेमलेला शाखाप्रमुख आधी उत्तरदायी ठरतो, आणि संचालकांपर्यंत पोचायचे तर त्यांची संमती किंवा हयगय सिद्ध करावी लागते. नफा वर जातो आणि गुन्हा खाली उतरतो! अप्टन सिंक्लेअरने शिकागोच्या मांस कारखान्यांची कहाणी १९०५ मध्ये एका समाजवादी साप्ताहिकातूनच क्रमशः प्रसिद्ध केली होती, आणि पुढच्याच वर्षी अमेरिकेला अन्नशुद्धीचे कायदे करावे लागले. कारखान्याच्या आत काय शिजते हे प्रथम कामगारालाच ठाऊक असते. त्याला साक्षीदार म्हणून संरक्षण द्यायचे की आरोपी म्हणून पुढे करायचे, याचे उत्तर शासनाने द्यावे.

अडथळ्याचा आणखी एक प्रकार आहे आणि तो दारात दिसत नाही. १९८६ मध्ये मुंबईच्या जे. जे. रुग्णालयात भेसळयुक्त ग्लिसरीनमुळे चौदा रुग्ण दगावले. न्यायमूर्ती लेंटिन यांच्या आयोगाने अन्न व औषध प्रशासनाची लक्तरे वेशीवर टांगली आणि मंत्र्यांच्या हस्तक्षेपावरही बोट ठेवले. तो प्रश्न औषधांचा होता, पण प्रशासन तेच होते. वरून आलेल्या एका दूरध्वनीने तपासणी थांबते, तेव्हा ६२ वे कलम कोणाला लागू करायचे? आणि नमुना हाती आला तरी पुढे काय? देशातील ७२ राज्यस्तरीय अन्न प्रयोगशाळांपैकी ६५ प्रयोगशाळांना राष्ट्रीय प्रमाणन मंडळाची मान्यता नव्हती, असे महालेखापरीक्षकांनी २०१७ च्या अहवालात नोंदविले. शासनच असा अडथळा घालत असेल, तर खाणावळवाल्याला धाक कसला?

म्हणून मागण्या स्पष्ट आहेत. अडथळ्याची शिक्षा, तो अडथळा ज्या गुन्ह्यावर पांघरूण घालतो त्या गुन्ह्याहून कमी असता कामा नये. दारात कोणीही उभा असो, परवानाधारक आणि संचालक प्रथम जबाबदार धरले जावेत. नमुना मिळेपर्यंत परवाना त्याच दिवशी स्थगित व्हावा. दार उघडणाऱ्या कामगाराच्या नोकरीला संरक्षण मिळावे. तपासणीसंबंधी वरून येणारी प्रत्येक सूचना लेखी असावी आणि ती जनतेला पाहता यावी. श्रीमंताला घरचे अन्न आहे, आचारी आहे. पेठेतल्या खाणावळीत पाट मांडून बसणाऱ्याला मात्र कायद्यावाचून दुसरा वाली नाही, आणि तोच कायदा बंद दारापुढे हात जोडून उभा राहणार असेल, तर ती कडी मोडण्यासाठी जनतेलाच संघटित व्हावे लागेल.