दोन मित्र आणि एक कॅमेरा



चित्रपट पाहून घरी परतताना नटनटींची नावे आपल्या ध्यानात असतात आणि त्यातील गाणी तर मुलांच्या ओठी आठवडाभर घोळत राहतात. परंतु ज्याच्या नेत्रांनी आपण तो सारा खेळ पाहिला, त्या छायालेखकाचे नाव सहसा कोणी विचारीत नाही. हंगेरी देशातील अशाच दोन छायालेखकांची कथा आज आपणांस सांगावयाची आहे.

लास्लो कोवाच याचा जन्म १९३३ साली त्सेत्से नावाच्या खेडेगावी झाला. गावात चित्रपटगृह नव्हते. आठवड्याच्या अखेरीस शाळेच्या दालनात खेळ होत. लहानगा लास्लो त्या खेळांच्या जाहिराती गावभर लावी आणि त्याबद्दल त्यास फुकट प्रवेश मिळे. दुसरा विल्मोश झिग्मोंड. हा १९३० साली सेगेद शहरी जन्मला. त्याचे वडील फुटबॉलचे नामांकित खेळाडू होते. विल्मोश सतरा वर्षांचा असता आजारी पडला आणि अंथरुणावर असताना छायाचित्रणावरील एक पुस्तक त्याच्या हाती आले. त्या पुस्तकाने त्याच्या आयुष्याची दिशाच ठरविली.

दुसऱ्या महायुद्धानंतर हंगेरीत साम्यवादी राजवट आली. घर सुखवस्तू ठरल्यामुळे विल्मोशला उच्च शिक्षणाची दारे बंद झाली. तो कारखान्यात कामास लागला. पण तेथे त्याने कामगारांना छायाचित्रण शिकविण्यास आरंभ केला. पुढे बुडापेस्टच्या नाट्य व चित्रपट विद्यालयाचे दार त्याला उघडले. तेथे ग्योर्गी इलेश नावाचे गुरू त्यास लाभले आणि तेथेच लास्लोशी त्याची गाठ पडली.

दिनांक २३ ऑक्टोबर १९५६ रोजी बुडापेस्टमध्ये जनतेचा उठाव झाला. ४ नोव्हेंबरला सोव्हिएत रणगाडे शहरावर चालून आले. लास्लो तेव्हा विद्यार्थीच होता. विल्मोशचे शिक्षण नुकतेच पुरे झाले होते. दोघांनी विद्यालयाचा कॅमेरा घेतला, तो पिशवीत दडविला, भिंगापुरते भोक पाडले आणि रस्त्यावर जे घडत होते ते टिपण्यास प्रारंभ केला. हातात बंदूक असलेल्याला समोरचा शत्रू तरी दिसतो. पिशवीत कॅमेरा असलेल्याला मात्र दोन्हीकडून भय!

त्याच नोव्हेंबर महिन्यात त्यांनी सुमारे ३०,००० फूट फिल्म बरोबर घेऊन ऑस्ट्रियाची सीमा ओलांडली. ही फिल्म पडद्यावर सलग चालविली तर सुमारे साडेपाच तास पुरेल एवढी होती. त्या दिवसांत सुमारे दोन लक्ष हंगेरियन माणसे देश सोडून गेली. बहुतेकांनी कपडेलत्ते नेले. या दोघांनी आपल्या नगरीची साक्ष नेली.

परंतु वाचकहो, जगाची रीत पाहा! ज्या फिल्मसाठी प्राण पणास लावले, ती बाहेर पोहोचेपर्यंत बातमी शिळी झाली होती. तिला मोठे गिऱ्हाईक मिळाले नाही. १९६१ साली अमेरिकेतील एका माहितीपटात तिचा काही भाग दाखविला गेला, तेव्हा कोठे त्या साक्षीचे चीज झाले.

१९५७ साली दोघे अमेरिकेत आले. भाषा येत नव्हती, ओळखदेख नव्हती. लास्लोने मेपल वृक्षाच्या रसाचा पाक तयार करण्याचे काम केले, विमा कंपनीत कागदपत्रांच्या मायक्रोफिल्म छापल्या. विल्मोश घरोघरी जाऊन लोकांची छायाचित्रे काढी. पुढे अगदी स्वस्तातले चित्रपट मिळू लागले. त्यांची आज कोणास आठवणही नाही. पण ते काम दोघांनी हलके मानले नाही. थोड्या दिव्यांत, थोड्या पैशांत आणि थोड्या वेळात चांगले चित्र कसे घ्यावे, हे ते याच काळात शिकले.

सुमारे बारा वर्षे अशी गेली. १९६९ साली ‘ईझी रायडर’ हा चित्रपट आला. अमेरिकेचे रस्ते, ऊन आणि मोकळे आकाश लास्लोने त्यात असे टिपले की त्याचे नाव सर्वतोमुखी झाले. पुढील एक चित्रपट त्याला करता येण्याजोगा नव्हता, तेव्हा त्याने विल्मोशचे नाव सुचविले. १९७१ च्या ‘मॅकेब अँड मिसेस मिलर’ या चित्रपटासाठी विल्मोशने एक धाडस केले. फिल्म धुण्यापूर्वी तिला किंचित प्रकाश दाखविला. एरवी ज्याने फिल्म बिघडते, तेच मोजून मापून केल्यामुळे चित्रांना जुन्या, पुसट छायाचित्रांचा रंग चढला.

१९७७ च्या ‘क्लोज एन्काउंटर्स ऑफ द थर्ड काइंड’ या चित्रपटासाठी विल्मोशला ऑस्कर पारितोषिक मिळाले. या चित्रपटातील एक प्रसंग महाराष्ट्रात, खालापूरजवळच्या हाळ या गावी चित्रित झाला होता; तेथील छायालेखन मात्र डग्लस स्लोकोंब यांनी केले. याच चित्रपटाच्या काही भागांचे छायालेखन लास्लोनेही केले. मित्राच्या कामाला हातभार लावणाऱ्या या लास्लोस स्वतःला ऑस्करचे नामांकन आयुष्यात एकदाही लाभले नाही. तरीही दोघांच्या मैत्रीत अंतर पडले नाही.

मायदेशी राहिलेले गुरू इलेश दशकानुदशके नवे छायालेखक घडवीत राहिले आणि २००६ साली निवर्तले. २००७ साली लास्लो गेला, २०१६ च्या पहिल्याच दिवशी विल्मोश. या दोघांच्या मैत्रीवर २००८ साली एक माहितीपटही निघाला.

आपल्या घरांतूनही मुले दूरदेशी कामास जातात. पहिली काही वर्षे शिकलेल्या विद्येचा उपयोग होत नाही, पडेल ते काम करावे लागते. मग पत्रात तक्रारीचा सूर उमटतो आणि घरची मंडळी खिन्न होतात. अशा वेळी मेपलचा पाक ढवळणारा लास्लो आठवावा. त्याने कॅमेऱ्याची विद्या विसरू दिली नाही, हातातले कामही टाकले नाही आणि आपली पाळी आली तेव्हा मित्राचा हात सोडला नाही.

पुढील खेपेस चित्रपट पाहाल, तेव्हा छायालेखकाचे नाव पडद्यावर येईपर्यंत जरा थांबा. मुलांनाही ते मोठ्याने वाचावयास सांगा.