दारिद्र्याचा हिशेब उंबरठ्याशीं कां थांबतो?

दारिद्र्य हा दैवाचा खेळ मानणारा समाज त्याचें मोजमाप करण्याच्या भरीस पडत नाहीं. आपल्या प्रांतांत मात्र हें काम फार पूर्वींच सुरू झालें. पुण्याच्या कृषि महाविद्यालयाचे प्राचार्य हॅरॉल्ड मान यांनीं पिंपळे सौदागर गांवच्या घरोघरचा जमाखर्च तपासून १९१७ सालीं प्रसिद्ध केला, आणि वि. म. दांडेकर व नीळकंठ रथ यांनीं १९७१ सालीं देशांतील दारिद्र्याची रेषा आंखून दाखविली. १९६०-६१ च्या भावानें खेड्यांत माणशीं दरमहा १५ व शहरांत साडेबावीस रुपये. एवढाहि खर्च न झेपणारे लोक त्यांस खेड्यांत शेंकडा ४० व शहरांत शेंकडा ५० आढळले. या विद्वानांचे ऋण आम्ही मानतों.

परंतु या हिशेबांत एक मोठी उणीव आहे. घराचा एकूण खर्च माणसांच्या संख्येनें भागला, कीं प्रत्येकाचा वांटा ठरला! उरलीसुरली भाकरी कोणाच्या ताटांत पडते, औषधाला पैसा कोणासाठीं निघत नाहीं, शाळा प्रथम कोणाची सुटते, हें त्या भागाकारांत दिसत नाहीं.

आमच्याच जिल्ह्याचें उदाहरण घ्या. दसरा-दिवाळीच्या सुमारास पाथर्डी, शेवगांव, जामखेडकडील कुटुंबें ऊसतोडीस बाहेर पडतात. तेथें मजुरीचें माप माणूस नव्हे, 'कोयता' आहे. आणि कोयता म्हणजे बहुधा नवरा-बायकोची जोडी. मुकादमाची उचल नवऱ्याच्या हातीं पडते. पहांटे भाकरी थापून दिवसभर फडांत मोळ्या बांधणाऱ्या व डोईवर वाहणाऱ्या बाईची मजुरी तिच्या नांवें मांडली जात नाहीं. उचल फिटली नाहीं, तर तिचें ओझें मात्र दोघांच्याहि मानेवर! समान वेतनाचा कायदा १९७६ सालीं झाला. पण जेथें वेतनच वेगळें लिहिलें जात नाहीं, तेथें समान-असमान ठरवावयाचें कशावरून?

नवरा-बायकोच्या संसारांत परक्यांनीं कां शिरावें, असा आक्षेप कोणी घेईल. आमच्या व्यापारी बंधूंस आम्ही इतकेंच विचारतों कीं, दोन भागीदारांच्या पेढींत सर्व जमा एकाच्याच नांवें मांडलेली तुम्हांस चालेल काय? रोजगार हमीच्या कामांवर हजेरीपटांत बाईचें नांव स्वतंत्र लागत असे. त्यानें कोणाचा संसार मोडल्याचें ऐकिवांत नाहीं.

म्हणून आमचें स्पष्ट मत असें कीं, मुकादमाच्या वहींत दोन नांवें व मजुरीचीं दोन खातीं असावींत. आणि जिल्ह्यांतील महाविद्यालयांनीं हंगामापूर्वीं गांवोगांव पाहणी करून कुटुंब नव्हे, माणूस मोजावा. विठ्ठलराव विखे पाटील व धनंजयराव गाडगीळ यांनीं सहकारी साखर कारखान्याचा पाया याच जिल्ह्यांत घातला. त्या साखरेची गोडी आपण घरोघर चाखतों. तिच्यामागील कष्टांचा खरा हिशेब मांडण्यासहि प्रारंभ येथूनच व्हावा.